अदृश्य कारागीर

चित्रपट संपला कीं पडद्यावर नांवांची यादी सरकूं लागते, आणि नेमक्या त्याच क्षणीं प्रेक्षकमंडळी चपला शोधूं लागतात. घरीं दूरचित्रवाणीपुढें बसलेल्यांची रीतहि याहून निराळी नाहीं. कोणी दिवा लावावयास उठतें, कोणी जेवणाचीं पानें घ्यावयास. त्या यादींत ‘संकलन’ असा एक शब्द येतो व त्यापुढें एक नांव येतें. कथाचित्रांच्या बाबतींत हें नांव निदान त्या धंद्यांतील लोकांस तरी ठाऊक असतें. परंतु दूरचित्रवाणीवरील एखाद्या अनुबोधपटाच्या संकलकाचें नांव आपणांपैकीं कितीजणांस सांगतां येईल? आम्हांस स्वतःस पन्नाशी उलटेपर्यंत एकहि सांगतां आलें नसतें, हें प्रथमच कबूल करून टाकतों. ज्यांच्या योगानें आमचें हें अज्ञान कांहीं अंशीं दूर झालें त्या डाय व्हॉन या ब्रिटिश संकलकाच्या कामाचा व लेखनाचा परामर्श प्रस्तुत लेखांत घेण्याचें आम्हीं योजिलें आहे.

प्रारंभीं शब्दाचा थोडा विचार करूं. आपल्या जुन्या गणितांत संकलन म्हणजे बेरीज व व्यवकलन म्हणजे वजाबाकी. भास्कराचार्यांची ‘लीलावती’ ज्यांनीं चाळली असेल त्यांस ही जोडी परिचित आहे. चित्रपटाच्या संकलकाचें काम वरवर पाहिलें तर बेरजेसारखेंच दिसतें; तुकड्यास तुकडा जोडीत जावयाचें. पण पुढ्यांत वीस-पंचवीस तासांची फिल्म येऊन पडावी आणि प्रेक्षकाच्या हातीं तासाभराचा पट द्यावा, असा जेथें हिशेब आहे, तेथें मुख्य काम वजाबाकीचेंच असणार. कथाचित्राच्या संकलकापाशीं निदान लिहिलेली कथा असते. अनुबोधपटाच्या संकलकापाशीं तीहि नसते. त्याच्यापुढें असतें दुसऱ्यांच्या आयुष्याचें टिपण. त्यांतून त्यानें जें ठेविलें तें जगास दिसतें; जें टाकलें तें त्याच्याशिवाय फारसें कोणास ठाऊक राहत नाहीं. या धंद्याचा मोठेपणा आणि या धंद्याचें पाप, दोन्ही या एका गोष्टींत सांठविलेलीं आहेत.

व्हॉन यांचा जन्म १९३३ चा व मृत्यु २०१२ चा. १९६० च्या सुमारास ‘डेफिनिशन’ नांवाचें चित्रपटसमीक्षेचें एक अल्पायुषी नियतकालिक लंडनांत निघालें, तें काढणाऱ्या तरुणांत ते होते. पुढें त्यांचें आयुष्य अनुबोधपटांच्या, आणि त्यांतहि विशेषेंकरून दूरचित्रवाणीच्या अनुबोधपटांच्या संकलनांत गेलें. हें काम करीत असतांनाच त्यांनीं लिहिलें. १९७६ सालीं ‘टेलिव्हिजन डॉक्युमेंटरी यूसेज’ ही लहानशी पुस्तिका, १९८३ सालीं ‘पोर्ट्रेट ऑफ ॲन इन्व्हिजिबल मॅन’ हें स्ट्युअर्ट मॅकॅलिस्टर या संकलकाचें चरित्र, आणि १९९९ सालीं ‘फॉर डॉक्युमेंटरी’ हा बारा निबंधांचा संग्रह. शिवाय त्यांनीं कादंबऱ्याहि लिहिल्या. त्यांचा विचार येथें कर्तव्य नाहीं. हातांत हत्यार घेऊन काम करणारा मनुष्य आपल्या कामाविषयीं क्वचितच लिहितो. आणि लिहिणारा मनुष्य क्वचितच हत्यार धरतो. सुतारकामावर लिहिणाऱ्या पंडितास रंधा धरतां येत नाहीं, आणि सुतारास तर लिहावयास सवड नसते. ज्या थोड्या लोकांस दोन्ही गोष्टी साधल्या त्यांपैकीं व्हॉन एक होत.

त्यांच्या उमेदीचा काळ सोळा मिलिमीटर फिल्मचा होता. १९६० च्या आसपास खांद्यावर घेण्याजोगे हलके कॅमेरे व त्यांच्या जोडीला आवाज टिपणारीं सुटसुटीत यंत्रें प्रचारांत आलीं, आणि अनुबोधपट करणारी मंडळी लोकांच्या घरांत, शाळांत, कारखान्यांत शिरूं शकलीं. त्यापूर्वीं मोठे दिवे, मोठीं यंत्रें आणि पढवून घेतलेलीं वाक्यें यांवांचून गत्यंतर नसे. ब्रिटिश दूरचित्रवाणीवर सेकंदास पंचवीस चित्रें धांवतात. सोळा मिलिमीटरच्या एका फुटांत चाळीस चित्रें मावतात. म्हणजे चारशें फुटांचें एक रीळ दहा-अकरा मिनिटांत संपतें. अशीं शेंकडों रिळें संकलकाच्या खोलींत येऊन पडत. मेजावर चित्राची पट्टी एका वाटेनें आणि आवाजाची पट्टी दुसऱ्या वाटेनें फिरे. संकलक मेणाच्या पेन्सिलीनें खूण करी, कापी आणि चिकटपट्टीनें जोडी. न वापरलेले तुकडे कापडाचें अस्तर लावलेल्या पेटींत खिळ्यांवर टांगून ठेवीत. कांहीं हातभर लांब, तर कांहीं बोटभर. बोटभर तुकडाहि फेंकून द्यावयाचा नाहीं, कारण उद्यां त्याचीच गरज लागेल. पुढें १९९० नंतर ही सारी सामग्री संगणकाच्या पोटांत गेली, आणि कात्री, पेन्सिल व खिळे यांची जागा कळीच्या पाटीनें घेतली. हत्यार पालटलें, निवड करण्याचें ओझें मात्र पूर्वींइतकेंच राहिलें.

आमच्या एका जुन्या विद्यार्थ्याच्या कृपेनें अशी एक खोली पाहण्याचा योग आम्हांस आला होता. तो त्या वेळीं हातमागावरील एका अनुबोधपटाचें काम करीत होता. पडद्यावर एक म्हातारा विणकर होता. ‘किती वर्षें हें काम करतां?’ असा प्रश्न त्यास कोणीं तरी विचारला होता. म्हातारा आपल्या हातांकडे पाहत राहिला, मग मागाकडे पाहिलें, आणि पुष्कळ वेळानें ‘झालीं कीं’ एवढेंच म्हणाला. विद्यार्थ्यानें आम्हांस तोच भाग दुसऱ्या रीतीनें जोडलेला दाखविला. प्रश्न संपतांच उत्तर. मधली नऊ सेकंदें गेलीं होतीं. शब्द तेच, आवाज तोच. परंतु पहिल्यांत एक थकलेला मनुष्य होता, आणि दुसऱ्यांत एक चटपटीत, किंचित् उद्धट म्हातारा होता. ‘सर, यांत खोटें काय आहे तें मला दाखवितां येत नाहीं,’ विद्यार्थी म्हणाला, ‘पण खोटें आहे खरें.’ पुढें त्यानें तीं नऊ सेकंदें परत घातलीं कीं नाहीं हें आम्हांस कळलें नाहीं; तो पट आमच्या पाहण्यांत आला नाहीं. मात्र व्हॉन यांचे निबंध वाचतांना आम्हांस वारंवार त्या नऊ सेकंदांची आठवण झाली.

कारण व्हॉन यांच्या कारकीर्दींतील ज्या कामाचा त्यांच्या विचारावर फार मोठा ठसा उमटला आहे तें नेमकें याच प्रकारचें होतें. १९७२ सालीं रॉजर ग्रेफ या, जन्मानें अमेरिकन पण कर्तृत्वानें ब्रिटिश झालेल्या, दिग्दर्शकानें ‘द स्पेस बिट्वीन वर्ड्स’ ही पांच अनुबोधपटांची मालिका केली. कुटुंब, शाळा, कामाची जागा, राजकारण आणि आंतरराष्ट्रीय वाटाघाटी अशा पांच ठिकाणीं माणसें एकमेकांशीं कशीं बोलतात, आणि बोलूनहि एकमेकांस कशीं कळत नाहींत, हा तिचा विषय. कोणास प्रश्न विचारावयाचे नाहींत, कोणास ‘पुन्हां एकदां असें करा’ म्हणावयाचें नाहीं, असा तिचा बाणा होता. व्हॉन यांनीं तिच्या संकलनाचें काम केलें, आणि त्या अनुभवावर दोन वर्षांनीं एक निबंध लिहिला. त्याचें नांव त्यांनीं ठेविलें ‘द स्पेस बिट्वीन शॉट्स’. मालिकेचा विषय शब्दांमधील पोकळी, तर निबंधाचा विषय चित्रांमधील पोकळी. नांवांत कोटी आहे खरी, पण ती केवळ कोटी नव्हे. दोन माणसांच्या शब्दांमध्यें जें अंतर असतें तें त्यांचें स्वतःचें असतें. दोन चित्रांमध्यें जें अंतर पडतें तें संकलकानें पाडलेलें असतें. आणि प्रेक्षकास हीं दोन अंतरें वेगळीं ओळखतां येत नाहींत. संकलकाची अडचण ती हीच.

ही अडचण व्यवहारांत कशी येते तें पाहण्याजोगें आहे. समजा, एक मनुष्य तीन मिनिटें बोलत आहे आणि आपणांस त्यांतील एकच मिनिट हवें आहे. मधला भाग कापला तर चित्र दचकतें. प्रेक्षकास सांधा दिसतो. म्हणून तेथें ऐकणाऱ्याचा चेहरा घालावयाचा, आणि त्या आडून बोलणें जोडून टाकावयाचें. हा तोडगा सर्वांच्या हातचा झालेला आहे. पण तो ऐकणाऱ्याचा चेहरा कोठून आणावयाचा? तो बहुधा दुसऱ्याच क्षणींचा असतो. त्या क्षणीं तो गृहस्थ कदाचित् चहाची वाट पाहत असेल; येथें मात्र तो वक्त्याच्या म्हणण्यास मान डोलावीत असल्याचें दिसतें. ज्यानें कधीं संमति दिली नाहीं त्याची संमति अशा रीतीनें सहज तयार होते. असल्या लहान लहान गोष्टींकडे व्हॉन यांनीं फार बारकाईनें पाहिलें आहे. त्यांचा विशेष असा कीं, ते त्यांवर नीतीचें प्रवचन झोडीत नाहींत. कापल्यावांचून चित्रपट होत नाहीं, आणि कापलें कीं कांहीं तरी बिघडतें, हीं दोन्ही सत्यें ते एकाच वेळीं हातांत धरून ठेवतात. साधा मनुष्य यांपैकीं एक सोडून देतो. ‘सारेंच खोटें’ म्हणून तो हात झटकतो, नाहीं तर ‘कॅमेरा खोटें बोलत नाहीं’ म्हणून डोळे मिटतो.

आतां त्यांच्या मुख्य ग्रंथाकडे वळूं. स्ट्युअर्ट मॅकॅलिस्टर यांचा जन्म स्कॉटलंडांत १९१४ सालीं झाला. ग्लासगोच्या कलाशाळेंत ते चित्रकला शिकले. पुढें जगप्रसिद्ध झालेले नॉर्मन मॅक्लॅरेन हे तेथें त्यांचे सोबती होते. तेथून ते ब्रिटिश टपालखात्याच्या चित्रपटशाखेंत गेले. युद्ध सुरू झाल्यावर तीच शाखा ‘क्राउन फिल्म युनिट’ झाली. ‘लंडन कॅन टेक इट’, ‘टार्गेट फॉर टुनाइट’, ‘फायर्स वेअर स्टार्टेड’ या युद्धकाळांतील नांवाजलेल्या पटांचें संकलन त्यांच्या हातचें आहे. युद्धानंतर वाहतूकखात्याच्या चित्रपटांत त्यांचें उर्वरित आयुष्य गेलें आणि १९६२ सालीं, पन्नाशी गांठण्यापूर्वींच, ते वारले. त्यांचा दिग्दर्शक मित्र हम्फ्री जेनिंग्ज त्यापूर्वीं बारा वर्षें, १९५० सालीं, ग्रीसमध्यें कड्यावरून पडून मेला होता. परंतु जेनिंग्ज यांची कीर्ति मृत्यूनंतर वाढत गेली. ब्रिटिश चित्रपटांतील कवि म्हणून त्यांचा गौरव झाला. मॅकॅलिस्टर यांचें नांव मात्र जेनिंग्ज यांच्या चरित्राच्या तळटीपेंत राहिलें. या तळटीपेचा ग्रंथ करण्याचें काम व्हॉन यांनीं केलें.

हा वाद केवळ मानापमानाचा नाहीं हें समजण्यासाठीं ‘लिसन टु ब्रिटन’ हा १९४२ चा पट पाहावा. तो अवघा वीस मिनिटांचा आहे. त्यांत निवेदन नाहीं. कोणी कांहीं समजावून सांगत नाहीं. शेतावरून जाणारीं विमानें, नाचघरांतील जोडपीं, आगगाडींत गाणारे कॅनडाचे सैनिक, शाळेच्या अंगणांत फेर धरणारीं मुलें, यंत्रांचा खडखडाट, असे युद्धकाळांतील इंग्लंडचे आवाज एकापुढें एक येतात. एके ठिकाणीं कारखान्याच्या भोजनगृहांत फ्लॅनगन व ॲलन ही लोकप्रिय विनोदी जोडी गात असते आणि कामगार त्यांच्याबरोबर शीळ घालीत असतात. तें गाणें संपतां संपतां त्याच सुरांतून मोझार्टचें पियानोसंगीत उमलतें. आपण लंडनच्या नॅशनल गॅलरींत आलेले असतों. तेथें दुपारच्या सुटींत मायरा हेस वाजवीत आहेत, आणि श्रोत्यांत राणी बसलेली आहे. बॉम्बच्या भीतीनें गॅलरींतील मौल्यवान चित्रें वेल्सकडे हलविलेलीं आहेत. तें संगीत तसेंच गॅलरीबाहेर रस्त्यावर येतें, आणि पुढें कारखान्याच्या आवाजांत बुडून जातें.

भोजनगृहांतील शीळ आणि मोझार्ट यांना जोडणारा हा सांधा म्हणजेच त्या चित्रपटाचें सारें म्हणणें आहे. कामगार आणि राणी, पोटापाण्याची करमणूक आणि अभिजात संगीत, हीं एकाच राष्ट्राच्या श्वासांत आहेत, असें निवेदकानें सांगितलें असतें तर तें सरकारी प्रचारपत्रक झालें असतें. येथें कोणी सांगत नाहीं. दोन सूर जुळतात एवढेंच. अधिकाऱ्यांस मात्र याचा भरंवसा वाटला नाहीं. परदेशांतील प्रेक्षकांस पट कळणार नाहीं म्हणून लेनर्ड ब्रॉकिंग्टन या कॅनेडियन गृहस्थाचें एक भाषण त्याच्या आरंभीं चिकटविण्यांत आलें. तें ऐकलें म्हणजे निवेदन नसण्यांत काय मिळविलें होतें तें अधिकच स्पष्ट होतें. आतां प्रश्न असा कीं, हा सांधा कोणाचा? पटाच्या नामपत्रावर दिग्दर्शन व संकलन अशा दोन्ही कामांसाठीं जेनिंग्ज आणि मॅकॅलिस्टर हीं दोन्ही नांवें एकत्र आहेत. तरीहि पुढील टीकाकारांनीं सारें श्रेय एकाच्या पदरांत टाकलें. दिग्दर्शक म्हटला कीं कर्ता तोच, हा समज टीकाकारांच्या हाडींमासीं खिळलेला होता.

व्हॉन यांनीं येथें जो संयम दाखविला आहे तो आम्हांस या ग्रंथाचा सर्वांत मोठा गुण वाटतो. जुने कागदपत्र पाहून, हयात असलेल्या सहकाऱ्यांस भेटून, त्यांनीं मॅकॅलिस्टर यांच्या कामाची पद्धत उभी केली. असें असूनहि ‘हा सांधा मॅकॅलिस्टरचा व तो जेनिंग्जचा’ अशी वांटणी ते सरसकट करीत नाहींत. वकिली करावयास निघालेल्या मनुष्यास हा मोह आवरणें कठीण असतें. उलट, दोन माणसें एका खोलींत महिनोन्महिने बसून, भांडून, गप्प राहून जें करतात त्याचे तुकडे पाडतां येत नाहींत, हेंच त्यांचें म्हणणें आहे. एका संकलकास त्याचा हक्क मिळवून देतां देतां त्यांनीं ‘एकच कर्ता’ या कल्पनेसच धक्का दिला, ही गोष्ट मोठी मौजेची आहे.

आपल्या परंपरेस ही गोष्ट नवी वाटूं नये. एकनाथांनीं शके १५०६ मध्यें ज्ञानेश्वरीची शुद्ध प्रत सिद्ध केली. पाठभेदांच्या गर्दींतून त्यांनीं काय घेतलें व काय टाकलें यावर आज आपल्या हातीं असलेली ज्ञानेश्वरी कांहीं अंशीं अवलंबून आहे. पण आपण ती ज्ञानदेवांचीच म्हणून वाचतों आणि तेंच योग्य आहे. नाथांनीं तर आपली ओंवी कोणीं या ग्रंथांत घुसडूं नये अशी ताकीदच देऊन ठेविली. संपादकाचा धर्म याहून थोडक्यांत कोणीं सांगितलेला आम्हांस माहीत नाहीं. तथापि नाथांस जगानें विस्मृतींत टाकलें नाहीं, कारण ते स्वतः मोठे कवि होते. मॅकॅलिस्टर यांना दुसरें कांहीं नव्हतें.

व्हॉन यांच्या गुणांबरोबर त्यांचे दोषहि सांगितले पाहिजेत. पहिला दोष शैलीचा. त्यांचीं वाक्यें कधीं कधीं इतकीं घट्ट विणलेलीं असतात कीं, तिसऱ्या वाचनाशिवाय गांठ सुटत नाहीं. जो मनुष्य प्रेक्षकासाठीं तासांचे क्षण करीत आला त्यानें वाचकावर एवढी दया कां करूं नये? दुसरा दोष असा कीं, मॅकॅलिस्टर यांच्यासाठीं एवढा खटाटोप करणाऱ्या या लेखकानें स्वतःच्या कारकीर्दीचा सलग वृत्तांत दिलेला नाहीं. निबंधांतून इकडे तिकडे जें हातीं लागतें त्यावरच वाचकास भागवावें लागतें. अदृश्य मनुष्याचें चित्र काढणारा आपणहि अदृश्यच राहिला.

तिसरा मुद्दा मतभेदाचा आहे, व तो अधिक महत्त्वाचा आहे. त्यासाठीं त्यांच्या ल्युमिएर बंधूंवरील प्रसिद्ध निबंधाकडे वळलें पाहिजे. ल्युमिएर यांच्या एका अगदीं आरंभींच्या पटांत तीन माणसें एक होडी वल्हवीत बंदराबाहेर नेत आहेत. धक्क्यावर बायका व मुलें उभीं आहेत. इतक्यांत लाट येते, होडी फिरते, आणि माणसांना ठरलेलें काम सोडून खरोखरच समुद्राशीं झगडावें लागतें. व्हॉन म्हणतात कीं, पहिल्या प्रेक्षकांस नवल वाटलें तें माणसें हलतांना पाहून नव्हे. माणसें काय, नाटकांतहि हलतात. नवल वाटलें तें पानें, धूर, धूळ, लाटा हलतांना पाहून. यांना कोणीं शिकविलें नव्हतें; हीं नाटक करीत नव्हतीं. मुंबईच्या वॉटसन हॉटेलांत ७ जुलै १८९६ रोजीं ल्युमिएर यांचे पट दाखविण्यांत आले तेव्हां त्यांतहि आगगाडीचें आगमन, समुद्रस्नान व भिंत पाडण्याचें दृश्य होतें. आपल्या हरिश्चंद्र सखाराम भाटवडेकर यांनीं तेथून स्फूर्ति घेऊन कॅमेरा मागविला. १८९९ सालीं कुस्तीचें व पुढें रँग्लर परांजपे विलायतेहून परतल्याच्या प्रसंगाचें चित्रण केलें. नाटक न करणाऱ्या जगाचा हा मोह आपणांसहि तेव्हांपासूनचा आहे.

यावरून व्हॉन अशा सिद्धान्तापर्यंत येतात कीं, अनुबोधपट हा चित्रपटाचा प्रकार नसून पाहण्याचा प्रकार आहे. प्रेक्षकानें पडद्यावरील वस्तूचा संबंध खऱ्या जगांतील वस्तूशीं जोडला कीं तो पट अनुबोधपट होतो. सिद्धान्त सुबक आहे, आणि पुष्कळ अडचणी त्यानें सुटतात. उदाहरणार्थ, ‘फायर्स वेअर स्टार्टेड’ या पटांतील अग्निशामक खरे आहेत, पण आगी चित्रणासाठीं मुद्दाम पेटविलेल्या आहेत. याला अनुबोधपट म्हणावयाचें कीं नाहीं? प्रेक्षक त्यांत खऱ्या माणसांचें खरें धैर्य पाहतो, म्हणून म्हणावयाचें. येथवर आम्ही त्यांच्याबरोबर आहों. परंतु सत्याची कसोटी अशी प्रेक्षकाच्या नजरेंत ठेविली तर फसलेला प्रेक्षक आणि न फसलेला प्रेक्षक यांत भेद कसा करावयाचा? त्या विणकराचीं नऊ सेकंदें कापलेला पटहि प्रेक्षक विश्वासानेंच पाहणार. विश्वास प्रेक्षकाचा असतो हें खरें. पण त्याचें देणें संकलकाच्या नांवावर मांडलेलें असतें. ल्युमिएरच्या लाटेनें होडी फिरविली तेव्हां ती लाट कापून टाकण्याचा मार्ग कोणापुढें नव्हता, कारण तेव्हां संकलकच नव्हता. आज तो आहे, आणि प्रत्येक लाटेपाशीं त्यास ठरवावें लागतें. व्हॉन यांनीं आपल्या कामांत हें देणें जाणलें होतें असें त्यांचेच निबंध सांगतात. सिद्धान्तांत मात्र त्यांनीं त्यास पुरेशी जागा दिली नाहीं.

या मुद्द्यावर आम्ही इतके अडून बसतों याचें कारण खाजगी आहे, आणि तें सांगून टाकणें बरें. कित्येक वर्षांपूर्वीं आमच्या एका दिवंगत गुरुजींचीं पत्रें प्रसिद्ध करण्याचें काम आम्हीं केलें. पत्रें विद्वत्तापूर्ण होतीं. पण त्यांत मधून मधून घरभाड्याची तक्रार, पोटदुखीचें वर्णन, सहकाऱ्यांविषयीं चार कडू शब्द, मुलीच्या लग्नासाठीं कोणापुढें तरी पसरलेला हात, असें पुष्कळ कांहीं होतें. आम्हीं तें सारें भक्तिभावानें वगळलें. आपलें एक अक्षर घातलें नाहीं. नाथांची ताकीद आम्हांस पाठ होती. पुस्तकाची वाहवा झाली. एका अभिप्रायांत गुरुजींस ऋषि म्हटलें होतें. पुस्तकाची पहिली प्रत घेऊन आम्ही काकूंकडे गेलों होतों. त्यांनीं तें आठ दिवस ठेवून वाचलें आणि मग आम्हांस बोलावून म्हणाल्या, ‘पुस्तक फार छान केलेंस हो. पण यांत जे आहेत ते आमच्या घरीं कधीं राहिले नाहींत.’

त्या पुस्तकांतील प्रत्येक वाक्य गुरुजींचें होतें, आणि तरीहि तो मनुष्य त्यांत नव्हता. बेरजेनें बोललेलें खोटें पकडतां येतें. वजाबाकीनें बोललेलें खोटें फक्त घरच्या माणसास कळतें. आणि अनुबोधपटांतील माणसांच्या घरचीं माणसें बहुधा टीकाकार नसतात. मूळ पत्रें आजहि आमच्या कपाटांत आहेत. मॅकॅलिस्टर यांचें चरित्र वाचून संपविल्यावर आम्हीं तीं पुन्हां एकदां खालीं काढलीं. दुसरी आवृत्ति निघण्याचा योग आला तर पोटदुखीसह निघेल.

असो. ‘फॉर डॉक्युमेंटरी’ या संग्रहांत व्हॉन यांनीं एक भीति बोलून दाखविली आहे. चित्र संगणकाच्या स्वाधीन झालें आणि त्यांतील कोणताहि कण मागमूस न ठेवतां पालटतां येऊं लागला, म्हणजे छायाचित्र व वस्तु यांतील जुनें नातें प्रेक्षकाच्या मनांतूनच तुटेल, अशी ती भीति होती. १९९० नंतरच्या त्या दशकांत ही कुशंका वाटली असेल. आज ज्या वस्तूवर कधीं भिंगच रोखलें गेलें नाहीं तिचीं चालतींबोलतीं चित्रें यंत्र क्षणांत निर्माण करतें. पानें हलतात, धूर निघतो, लाटाहि येतात. पण त्यांतील एकहि लाट कोणत्याहि समुद्रांतून आलेली नसते. ज्या साक्षीवर ल्युमिएरच्या पहिल्या प्रेक्षकांनीं विश्वास टाकला तीच साक्ष आतां विकत मिळूं लागली आहे. अशा काळीं कात्री धरणाऱ्याची सचोटी ही त्याची खाजगी बाब राहत नाहीं. चित्रावरून खरेंखोटें ओळखतां येईनासें झालें म्हणजे तें जोडणाऱ्या मनुष्यावरून ओळखावें लागतें. आणि त्या मनुष्याचें नांवहि आपणांस ठाऊक नसावें ही स्थिति बरी नव्हे.

शेवटीं एक सूचना करून हा लेख पुरा करतों. १९४८ सालीं मुंबईस फिल्म्स डिव्हिजन स्थापन झाली. ‘द स्पेस बिट्वीन वर्ड्स’ ज्या वर्षीं निघाली त्याच वर्षीं, २ ऑक्टोबर १९७२ रोजीं, मुंबईचें दूरदर्शन केंद्र सुरू झालें. पुण्याच्या प्रभात चित्रनगरीच्या जागेंत १९६० पासून चित्रपटाचें शिक्षण देणारी संस्था आहे, आणि तेथें संकलन शिकविलें जातें. मुख्य चित्रपटापूर्वीं दाखविले जाणारे ते लहान पट आमच्या पिढीनें शेंगा सोलीत पाहिले. त्यांतील भारदस्त निवेदकाची नक्कलहि केली. पण ते कापले कोणीं, जोडले कोणीं, कोणती लाट ठेविली व कोणती टाकली, याची चौकशी आम्हीं केली नाहीं. व्हॉन यांनीं मॅकॅलिस्टर यांचें चरित्र लिहावयास घेतलें तेव्हां त्यांच्याबरोबर काम केलेलीं माणसें हयात होतीं, म्हणून तें लिहून झालें. आपल्याकडेहि अशीं कांहीं माणसें अजून हयात आहेत. तीं म्हातारीं झालीं आहेत. कोणी तरुण अभ्यासकानें वही घेऊन त्यांच्या दाराशीं जावें, आणि तीं बोलतां बोलतां थांबलीं तर तें थांबणेंहि टिपून घ्यावें.